# च्या पुढची बावीस अक्षरं

मेगा या इंटरनेटवर फाइली साठवायच्या सेवेतल्या फोल्डरची लिंक कधी नीट पाहिलीय? पत्ता, मग आठ अक्षरांचा खूणक्रमांक, मग # आणि त्यापुढे बावीस अक्षरांची अगम्य शेपटी. ही शेपटी म्हणजे फोल्डर उघडायची किल्ली, आणि ती मेगाच्या सर्व्हरपर्यंत जातच नाही.

यामागे एक छापा आहे. जानेवारी २०१२ मध्ये न्यूझीलंडच्या पोलिसांनी ऑकलंडजवळच्या बंगल्यातून मेगाअपलोड या फाइल-वाटप साइटच्या किम डॉटकॉमला पकडलं. अमेरिकेने कॉपीराइटभंगाचा खटला भरला होता. बरोबर वर्षभराने, १९ जानेवारी २०१३ ला, त्याने मेगा सुरू केलं. इथं फाइल ब्राउझरमध्येच कुलूपबंद (एन्क्रिप्ट) होते आणि मगच वर चढते. जाहिरात गोपनीयतेची होती, पण आपल्या गोदामात काय पडलंय हे मालकालाच कळू नये, ही सोय त्याला स्वतःलाही हवीच असणार.

पण कुलूपबंद फोल्डर खातं नसलेल्या माणसाला द्यायचा कसा? इथं # कामी आला. हे चिन्ह मुळात लांबलचक पानात ठरावीक जागी उडी मारण्यासाठी होतं. त्यापुढचा मजकूर ब्राउझर स्वतःपाशीच ठेवतो, सर्व्हरला धाडत नाही. युक्ती मेगाची एकट्याची नव्हे. मजकूर चिकटवून लिंकने वाटण्याच्या झीरोबिन या सेवेने ती २०१२ मध्येच वापरली होती.

फोल्डरमधल्या प्रत्येक फाइलची किल्ली वेगळी असते. त्या सगळ्या किल्ल्या फोल्डरच्या किल्लीने बंद करून सर्व्हरवर ठेवलेल्या असतात, आणि लिंकमधली बावीस अक्षरं म्हणजे ती फोल्डरची किल्ली, १२८ बिटांची. म्हणून लिंक पाठवल्यावर आणखी चार फोटो टाकले, तरी जुन्याच लिंकवर तेही दिसतात.

या शेपटीचा आणखी एक फायदा २०१४ मध्ये ड्रॉपबॉक्सच्या निमित्ताने लक्षात येतो. तिथं शेअर केलेल्या कागदपत्रातल्या एखाद्या दुव्यावर क्लिक केलं, की 'रेफरर'मधून, म्हणजे आपण कुठल्या पानावरून आलो हे ब्राउझर पुढच्या साइटला सांगतो त्या नोंदीतून, मूळ लिंक त्या परक्या साइटला कळत होती. # पुढचा भाग रेफररमध्ये जात नाही.

अर्थात शेपटी लपवली म्हणजे सगळं भागलं असं नाही. २०२२ मध्ये झुरिकच्या ईटीएच विद्यापीठातल्या संशोधकांनी मेगाच्या रचनेतच भोकं दाखवली: सर्व्हर ज्याच्या ताब्यात, त्याला ५१२ लॉगिनांनंतर वापरकर्त्याची खासगी किल्ली काढता येत होती. मेगाने डागडुजी केली.

लिंक कॉपी करताना शेपटी तुटली, तर मात्र पान किल्ली मागत बसतं. ती पाठवणाऱ्याकडूनच घ्यावी लागते. कंपनीला विचारून उपयोग नाही.