हार्डिंग, वॉरन : पत्रकारिता आणि ओहायो सिनेटमधील कारकीर्द

हार्डिंग, वॉरन गॅमेलिएल : (२ नोव्हेंबर १८६५ – २ ऑगस्ट १९२३). अमेरिकेतील ओहायो राज्याच्या मॅरियन गावातून निघणाऱ्या ‘मॅरियन स्टार’ या दैनिकाचा मालक व संपादक, राज्याच्या सिनेटचा (विधिमंडळाच्या वरिष्ठ सभागृहाचा) सदस्य आणि पुढे देशाचा २९ वा राष्ट्राध्यक्ष. राष्ट्राध्यक्ष म्हणून त्याची आठवण मुख्यतः ‘टीपॉट डोम’ या सरकारी तेलक्षेत्रांच्या भाडेपट्ट्यांतील भ्रष्टाचारामुळे राहिली. मात्र त्याच्या राजकारणाची घडण समजून घ्यायची, तर मॅरियनचा छापखाना आणि राज्याच्या सिनेटमधील त्याची चार वर्षे पाहावी लागतात.

हार्डिंगचा जन्म ओहायोतील ब्लूमिंग ग्रोव्ह येथे झाला. व्यवसायाने डॉक्टर असलेल्या वडिलांनी काही काळ कॅलेडोनिया येथील एका साप्ताहिकात भागीदारी घेतली होती आणि तेथेच, शाळकरी वयात, तो छपाईचे खिळे जुळवण्यास शिकला. १८८४ मध्ये दोन मित्रांसह त्याने डबघाईला आलेले ‘स्टार’ केवळ ३०० डॉलरना विकत घेतले. त्या वेळी मॅरियनमध्ये रिपब्लिकन पक्षाचे ‘इंडिपेंडंट’ आणि डेमोक्रॅटिक पक्षाचे ‘मिरर’ अशी दोन साप्ताहिके जम बसवून होती. ‘स्टार’ हे गावातील एकमेव दैनिक असले, तरी ते कर्जात बुडालेले होते. त्याच वर्षी हार्डिंग रिपब्लिकन पक्षाच्या शिकागो अधिवेशनाला गेला आणि परतला तेव्हा कर्ज देणाऱ्यांच्या तगाद्यामुळे शेरीफने (स्थानिक कायदा-अंमलबजावणी अधिकाऱ्याने) वृत्तपत्र ताब्यात घेतलेले होते. काही महिने त्याला प्रतिस्पर्धी ‘मिरर’मध्ये नोकरी करावी लागली, आणि मनाविरुद्ध राष्ट्राध्यक्षपदाच्या डेमोक्रॅटिक उमेदवाराची तरफदारीही करावी लागली. निवडणुकीनंतर वडिलांच्या आर्थिक मदतीने त्याने ‘स्टार’ परत मिळवले.

त्याच १८८४ साली मॅरियनमध्ये वाफेवर चालणारी उत्खनन यंत्रे बनवणारी कंपनी स्थापन झाली. तिच्या यंत्रांनी पुढे पनामा कालव्याचे खोदकाम केले. गाव वाढत गेले आणि गावाबरोबर ‘स्टार’चा खप व जाहिरातीही वाढल्या. दैनिक आवृत्ती पक्षनिरपेक्ष ठेवायची आणि साप्ताहिक आवृत्तीतून सौम्य रिपब्लिकन भूमिका मांडायची, ही हार्डिंगची योजना व्यापारी दृष्ट्या चतुर होती. जेथे प्रत्येक वर्गणीदार कोणाचा तरी शेजारी, सोयरा किंवा गिऱ्हाईक असतो, तेथे संपादकाला तुटेपर्यंत ताणता येत नाही. प्रत्येक प्रश्नाला दोन बाजू असतात, त्या दोन्ही मिळवा, आणि निष्पाप स्त्री किंवा मूल बदनाम होईल असे काही शक्यतो छापू नका, असे त्याने आपल्या वार्ताहरांना बजावून ठेवले होते.

१८९१ मध्ये त्याने फ्लॉरेन्स क्लिंग हिच्याशी विवाह केला. मॅरियनमधील बडे धनिक असलेल्या तिच्या वडिलांचा या विवाहाला कडवा विरोध होता. हार्डिंगच्या आजारपणात ती कचेरीत मदतीला आली आणि पुढे अनेक वर्षे वितरणाचा कारभार तिनेच पाहिला. घरोघर पेपर टाकणाऱ्या मुलांची शिस्तबद्ध व्यवस्था तिने उभारली. त्या मुलांत पुढे समाजवादी पक्षातर्फे सहा वेळा राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढवणारा नॉर्मन थॉमसही होता. ‘स्टार’च्या यशातील तिचा वाटा पतीच्या वाट्याहून कमी मानता येणार नाही.

१८९९ मध्ये हार्डिंग राज्याच्या सिनेटवर निवडून आला. राजधानी कोलंबस येथे त्या काळी रिपब्लिकन पक्ष मार्क हॅना आणि जोसेफ फोरेकर या ओहायोतील दोन बड्या नेत्यांच्या गटांत विभागलेला होता. कोणालाही न दुखवण्याची संपादकीय सवय येथे हार्डिंगच्या कामी आली. दोन्ही गटांशी संबंध राखून त्याने मध्यस्थाचे स्थान मिळवले. एका मुदतीनंतर जागा दुसऱ्याला देण्याचा त्या मतदारसंघातील प्रघात त्याच्यासाठी बाजूला ठेवण्यात आला आणि १९०१ मध्ये तो ३,५६३ मतांच्या आधिक्याने पुन्हा निवडून आला. ही आघाडी आधीच्या दुपटीहून अधिक होती. दुसऱ्या मुदतीत तो सभागृहातील पक्षनेता झाला. मात्र स्वतःच्या वृत्तपत्रातील प्रसिद्धीच्या बदल्यात स्वतःसाठी व कुटुंबीयांसाठी रेल्वेचे मोफत पास घेणे आणि सत्तेच्या ओळखीतून बहिणीला राज्याच्या अंधशाळेत शिक्षिकेची जागा मिळवून देणे, हेही त्याने केले. असे व्यवहार त्या काळच्या ओहायोत रूढ होते. तरी सामंजस्याच्या राजकारणाला जवळच्यांची सोय पाहण्याची जोड येथेच मिळाली होती, हे दुर्लक्षून चालणार नाही.

१९०४ ते १९०६ या काळात तो राज्याचा लेफ्टनंट गव्हर्नर (गव्हर्नरच्या खालोखालचा पदाधिकारी) होता. गव्हर्नरपदाच्या १९१० च्या निवडणुकीत त्याचा पराभव झाला, पण १९१४ मध्ये तो अमेरिकेच्या सिनेटवर, म्हणजे देशाच्या संसदेच्या वरिष्ठ सभागृहावर, निवडून गेला. १९२० च्या राष्ट्राध्यक्षीय लढतीत त्याचा प्रतिस्पर्धी जेम्स कॉक्स हादेखील ओहायोतीलच, डेटनच्या दैनिकाचा मालक होता. ती मोहीम हार्डिंगने प्रामुख्याने मॅरियनमधील आपल्या घराच्या ओसरीवरून चालवली आणि जिंकली. ‘स्टार’ त्याने १९२३ मध्ये साडेपाच लाख डॉलरना विकले आणि काही आठवड्यांतच सॅन फ्रान्सिस्को येथे त्याचे निधन झाले. पान लावताना मुद्रक वापरतात ती छोटी पट्टी तो व्हाइट हाउसमध्येही शुभचिन्ह म्हणून खिशात बाळगत असे.