बाटलीवरचं बारीक नाव

अण्णांनी, म्हणजे माझ्या चुलत्यांनी, एक पान माझ्या हातात ठेवलं. "हे भेंडीचं हाय का सरकीचं, सांग बरं."

माजलगाव तालुक्यातलं आमचं रान. जुलै संपत आलेला, पावसानं आठवडाभर उघडीप दिलेली. पान पऱ्हाटीचंच, म्हणजे कपाशीचंच होतं, पण निमुळतं, बोटं फुटल्यासारखं, शिरा एकमेकींना खेटून उभ्या राहिलेल्या. गावात कुणी व्हायरस म्हणालं, कुणी बियाणंच बोगस म्हणालं. असं पान मी आधी पाहिलं होतं. ते 2,4-डी चं काम असतं. उसात आणि ज्वारीत रुंद पानाचं तण मारायला आपल्याकडे हे तणनाशक सर्रास वापरतात. ते वनस्पतीच्या वाढीच्या संप्रेरकाची, ऑक्सिनची, नक्कल करतं. गवतवर्गी पिकं ते पचवतात, रुंद पानाच्या झाडांची वाढ मात्र वेडीवाकडी होते. कपाशी तर त्याला फारच हळवी. धुऊन ठेवलेल्या पंपाच्या तळाशी राहिलेले थेंबही तिला पुरतात.

"पण आपण ते मारलंच नाही," अण्णा म्हणाले. पंप घरचा, त्यात तुडतुड्याच्या औषधाशिवाय दुसरं काही पडलेलं नव्हतं. मग आलं कुठून? उत्तर शेवटी 2,4-डी च्या नावातच मिळालं. मी कॉलेजात रसायनशास्त्र शिकवतो, आणि नामकरणाचा धडा मुलं पाठांतरावर काढतात याची मला मनापासून खंत वाटते. तो पाठ करायचा धडा नाही, वाचायचा आहे.

पूर्ण नाव असं: 2,4-डायक्लोरोफिनॉक्सिॲसिटिक ॲसिड. हे उजवीकडून वाचावं. शेवटी ॲसिटिक ॲसिड आहे, म्हणजे व्हिनेगरमधलं आम्ल, दोन कार्बनचा लहानसा रेणू. रसायनाचं घराणं आपल्या आडनावासारखं शेवटी येतं. त्याआधी 'फिनॉक्सि', म्हणजे सहा कार्बनचं कडं, ऑक्सिजनच्या एका दुव्यानं आम्लाला अडकवलेलं. त्याआधी 'डायक्लोरो', दोन क्लोरीन. आणि सगळ्यात पुढे 2,4, म्हणजे ते क्लोरीन कड्याच्या कोणत्या कोपऱ्यांवर बसलेत. रोजच्या वापरासाठी मधलं सगळं गाळून आकडे आणि डायक्लोरोचा 'डी' तेवढा ठेवला.

कोपरे मोजायलाही नियम आहे. ऑक्सिजन जिथे जोडलाय तो कोपरा 1. तिथून एका बाजूनं मोजत गेलं तर क्लोरीन 2 आणि 4 वर येतात, उलट्या बाजूनं मोजलं तर 4 आणि 6 वर. रेणू तोच. अशा वेळी लहान आकडे देणारी बाजू धरायची, म्हणजे दोन माणसं वेगवेगळी बसून मोजली तरी नाव एकच निघतं. आणि हे आकडे शोभेचे नाहीत. तेच दोन क्लोरीन 2 आणि 6 वर बसवले तर तणनाशकाची ताकद जवळपास जाते. 5 व्या कोपऱ्यावर आणखी एक क्लोरीन बसवला तर 2,4,5-टी होतं. 2,4-डी आणि 2,4,5-टी यांचं मिश्रण म्हणजेच व्हिएतनामच्या जंगलांवर फवारलेलं एजंट ऑरेंज. त्यातलं कुप्रसिद्ध विष, डायॉक्सिन, आलं ते 2,4,5-टी तयार करताना सोबत होणाऱ्या अशुद्धीतून.

आमच्या त्या रानाला घरात 'चिंचेचं' म्हणतात. चिंच केव्हाच तुटली, नाव राहिलं. तलाठ्याकडे त्याला गट नंबर आहे. आणि खरेदीखतात चतुःसीमा लिहिलेली आहे: पूर्वेस कोण, पश्चिमेस कोण, दक्षिणेस ओढा. औषधाचंही तसंच असतं. बाटलीवरचं मोठ्या अक्षरातलं कंपनीचं नाव म्हणजे 'चिंचेचं', त्यावरून आत काय आहे ते कळत नाही. जगभरात नोंदीसाठी वापरतात तो सीएएस क्रमांक म्हणजे गट नंबर. 2,4-डी चा 94-75-7 आहे. तो एकाच पदार्थाचा असतो खरा, पण त्यातून रचना समजत नाही. पद्धतशीर नाव ही चतुःसीमा. ते वाचून परभणीतला विद्यार्थी कागदावर जो रेणू काढील, तोच पॅरिसमधला काढील.

पॅरिसचं नाव उगाच घेतलं नाही, या पद्धतीची सुरुवात तिथलीच. त्याआधी युरोपातही आपल्या किराणा दुकानासारखीच नावं होती. मोरचूद, हिराकस, नवसागर ही नावं मला फार आवडतात, जालन्याकडे मोसंबीच्या बागेत बोर्डो मिश्रणाला आजही मोरचूदच आणतात. पण मोरचुदात तांबं आहे आणि हिराकसात लोखंड, दोघांत गंधक मात्र समान, हे त्या नावांवरून कुणाला कळणार? 1787 साली लव्हाझिए, गीतों द मोर्व्हो, बर्थोले आणि फुर्क्रुआ या चौघांनी पदार्थाच्या नावातच त्याचे घटक सांगायची रीत घालून दिली. मोरचूद कॉपर सल्फेट झालं, हिराकस फेरस सल्फेट.

कार्बनच्या संयुगांना ती रीत अपुरी पडली, कारण त्यांत घटक थोडे आणि मांडण्या असंख्य. त्यांची नावं बराच काळ जिथे सापडली तिथली राहिली: मुंग्यांपासून मिळालं ते फॉर्मिक ॲसिड, लोण्यातलं ते ब्युटिरिक. 1892 साली जिनिव्हात रसायनशास्त्रज्ञांनी एकत्र बसून सेंद्रिय संयुगांच्या नावांचे नियम ठरवले. 1919 साली स्थापन झालेली आययूपॅक ही आंतरराष्ट्रीय संघटना ते काम आजही पाहते. जुनी नावं तिनं सरसकट पुसली नाहीत. शाळेत इथेनॉइक ॲसिड शिकवतात, पण आययूपॅकची आजची पसंती ॲसिटिक ॲसिडलाच आहे.

दुकानात एवढं लांबलचक नाव कुणी मागणार नाही, म्हणून औषधांना छोटी सामान्य नावंही ठरवून दिलेली असतात. ती कंपनीच्या नावाखाली बारीक अक्षरात छापतात. त्यांच्याही शेपट्या बोलतात. शेवटी 'फॉस' म्हणजे फॉस्फरसचं घराणं: प्रोफेनोफॉस, क्लोरपायरीफॉस. विषबाधा झाली तर ही शेपटी डॉक्टरांना सर्वात आधी कळायला हवी, कारण ॲट्रोपिन हा उतारा याच घराण्याच्या आणि तशाच विषांवर देतात. 'थ्रिन' म्हणजे सायपरमेथ्रिनची भावंडं. 'प्रिड' म्हणजे इमिडाक्लोप्रिड, ॲसिटामिप्रिड. तुडतुड्यावर एक लागू पडेना म्हणून माणूस दुसरी बाटली आणतो, रंग वेगळा, नाव वेगळं, भाव जास्त, आणि खाली बारीक अक्षरात पुन्हा 'प्रिड'. दोन्ही किडीच्या मज्जातंतूंवर एकाच जागी घाव घालतात. एकीला किड सरावली असेल तर दुसरीचे पैसे बहुतेक पाण्यात जातात. हे मी दरवर्षी पाहतो आणि दरवर्षी जीव तुटतो.

आता आमचं पान. संध्याकाळी रानात फिरलो तेव्हा दिसलं की वाकडी झाडं सगळी पश्चिमेकडच्या ओळींत होती, आत जावं तसतशी कमी. पश्चिमेला बांधापलीकडे शेजारच्या तात्यांचा ऊस. बांधावरच रिकामी बाटली पडलेली. मोठं नाव पुसट झालं होतं, बारीक वाचता आलं: 2,4-डी, इथाईल एस्टर, 38 टक्के.

इथाईल एस्टर हा शेवटचा तुकडा मी अण्णांना दोनदा वाचून दाखवला. 2,4-डी तीन रूपांत मिळतं. सोडियमचा क्षार पावडरीत, अमाईनचा क्षार पाण्यासारखा, आणि हे एस्टर. क्षारात रेणूवर विद्युतभार असतो, त्यामुळे तो सहजासहजी हवेत जात नाही. एस्टरमध्ये आम्लाच्या टोकाला इथाईल गट बसतो, भार राहत नाही, आणि ऊन लागलं की फवारलेल्यातलं काही वाफ होऊन उडतं. तात्यांनी फवारलं होतं भर दुपारी, वारा पश्चिमेचा.

अण्णा बाटली घेऊन तात्यांकडे गेले. भांडण होणार म्हणून मी मागोमाग गेलो. अण्णांनी बारीक अक्षरावर बोट ठेवलं आणि म्हणाले, "तात्या, पुढच्या बारीला अमाईनचं आणा. आन् सकाळी मारा, वारं पडलेलं असतंय तवा."