पटवर्धनांचे माहितीपट आणि ‘बंदी’ हा शब्द

आनंद पटवर्धन यांचा एखादा माहितीपट अडला की ‘बंदी’ अशी बातमी येते. शब्द सोयीचा आहे, पण बहुतेक वेळा चुकीचा.

त्यांची सुरुवात १९७४च्या बिहार आंदोलनावर उसन्या कॅमेऱ्यांनी केलेल्या माहितीपटाने झाली. आणीबाणीत तो माहितीपट चोरूनच दाखवावा लागला. १९७८मध्ये राजकीय कैद्यांवरचा माहितीपट आला आणि १९८५मध्ये मुंबईतल्या झोपड्या पाडण्यावरचा ‘हमारा शहर’.

खरा गुंता पुढे आहे. अयोध्येतल्या राम मंदिर आंदोलनावरच्या, बाबरी मशीद पडण्याआधी पूर्ण झालेल्या ‘राम के नाम’ला सेन्सॉरने ‘यू’ (सर्वांसाठी) प्रमाणपत्र दिले, सरकारने राष्ट्रीय पुरस्कारही दिला. दूरदर्शन या सरकारी वाहिनीने मात्र तो दाखवायचे नाकारले आणि अखेर कोर्टात जावे लागले. एकाच सरकारचा एक हात हार घालतो, दुसरा दार लावतो. याला बंदी कशी म्हणणार? बंदीचा निदान लेखी आदेश असतो, त्याला आव्हान देता येते. इथे नुसता नकार, तोही समित्यांमधून फिरत आलेला.

‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’च्या बाबतीत हे अगदी उघड झाले. पौरुषाची कल्पना आणि धार्मिक हिंसा यांचे नाते दाखवणारा हा दोन भागांचा माहितीपट. पहिल्या भागाला ‘यू’, दुसऱ्याला ‘ए’ (फक्त प्रौढांसाठी). वाहिनीच्या हाती ‘ए’चे आयते कारण होतेच. शिवाय निवड समिती एकच असावी असा नियम असताना समितीवर समिती बसली. २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या कारभारावर ताशेरे ओढले, सुटी दृश्ये वेगळी काढून नव्हे तर संपूर्ण कलाकृती पाहून निर्णय घ्या असे सांगितले आणि प्रसारणाचा आदेश दिला. मधल्या काळात त्या माहितीपटाचा विषय देशात अधिकच पेटला होता. उशिरा मिळालेल्या परवानगीची ही किंमत निकालपत्रात मोजली जात नाही.

‘जंग और अमन’चे प्रकरण वेगळे. अण्वस्त्रांवरच्या या माहितीपटाला २००२मध्ये सेन्सॉरनेच २१ कट सुचवले. मुंबई उच्च न्यायालयाने पुढच्या वर्षी तो एकही कट न करता दाखवायला परवानगी दिली.

‘जय भीम कॉम्रेड’ला चौदा वर्षे लागली, पण ती कोर्टामुळे नव्हे. मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगर या दलित वस्तीत ११ जुलै १९९७ रोजी पोलीस गोळीबारात दहा जण मेले. त्यानंतर काही दिवसांत एका शाहिराने आत्महत्या केली. हाच शाहीर ‘हमारा शहर’मध्ये गायला होता, हे अनेकांच्या लक्षात येत नाही. जातीय अत्याचाराचे खटले आणि वस्त्यांमधली गाणी यांच्या मागे कॅमेरा इतकी वर्षे फिरला, त्याची सुरुवात त्या मृत्यूपासून आहे.

२०१९मध्ये ‘विवेक’ या माहितीपटाच्या वेळी शब्द पुन्हा बदलला. केरळमधल्या महोत्सवात प्रमाणपत्राविना दाखवण्यासाठी लागणारी केंद्राची सूट मिळाली नाही. म्हणजे कटही नाही, बंदीही नाही, फक्त सूट नाही. तिथल्या उच्च न्यायालयाने खेळाला परवानगी दिली.