कम्युनिटी शील्ड

इंग्लंडच्या फुटबॉल हंगामाची सुरुवात करणारा वार्षिक सामना. आदल्या हंगामातले प्रीमियर लीगचे (तिथली सर्वोच्च साखळी स्पर्धा) विजेते आणि एफए कपचे (बाद पद्धतीची स्पर्धा) विजेते यात समोरासमोर येतात. आयोजन फुटबॉल असोसिएशनचे (एफए), मैदान बहुधा लंडनचे वेम्बली. २००२ पर्यंत नाव होते चॅरिटी शील्ड.

दोन्ही किताब एकाच क्लबने जिंकले, तर सामन्यातली दुसरी जागा लीगच्या उपविजेत्यांना मिळते. २०२३ मध्ये मँचेस्टर सिटीसमोर आर्सेनल उभे राहिले ते असेच. पूर्वी हे इतके ठरलेले नव्हते. १९६१ मध्ये दोन्ही किताब जिंकलेल्या टॉटनहॅमशी एफएने निवडलेला संघ खेळला. १९७१ मध्ये तशाच दुहेरी विजेत्या आर्सेनलने आधी ठरलेल्या सामन्यांमुळे नकार कळवला. मग कपचे उपविजेते लिव्हरपूल आणि दुसऱ्या विभागातून नुकतेच वर आलेले लेस्टर यांची गाठ घातली गेली. लेस्टर १-० ने जिंकले.

पहिला सामना १९०८ चा. फुटबॉल लीगचे (तेव्हाची सर्वोच्च साखळी) विजेते मँचेस्टर युनायटेड विरुद्ध दक्षिणेकडच्या क्लबांच्या सदर्न लीगचे विजेते क्वीन्स पार्क रेंजर्स. एप्रिलमध्ये १-१ अशी बरोबरी झाली आणि फेरसामना थेट ऑगस्टमध्ये, युनायटेडचा ४-० विजय. १९११ मध्ये युनायटेडने स्विंडनला ८-४ ने हरवले, त्यात हॅरल्ड हॉल्स याचे एकट्याचे सहा गोल. १९१२ च्या सामन्याचे उत्पन्न टायटॅनिक दुर्घटनेच्या मदतनिधीला गेले.

निर्धारित ९० मिनिटांत बरोबरी राहिली तर जादा वेळ दिला जात नाही, थेट पेनल्टी. पूर्वी बराच काळ अशा वेळी शील्ड वाटून घेत आणि दोन्ही क्लब ते सहा-सहा महिने ठेवत. १९६७ मध्ये ३-३ झाल्यावर युनायटेड आणि टॉटनहॅमने तेच केले. त्या सामन्यात टॉटनहॅमचा गोलरक्षक पॅट जेनिंग्ज याने आपल्या पेनल्टी क्षेत्रातून हाताने उडवून मारलेला चेंडू समोरच्या गोलरक्षकापुढे टप्पा पडून त्याच्या डोक्यावरून जाळ्यात गेला. शेवटचे वाटप १९९१ चे.

वेम्बलीचा पायंडा १९७४ पासूनचा. त्याच पहिल्या सामन्यात लिव्हरपूलचा केविन कीगन आणि लीड्सचा बिली ब्रेम्नर यांची मारामारी झाली. दोघांनाही बाहेर काढले आणि जाताना दोघांनीही अंगातले शर्ट काढून फेकले. धर्मादाय सामन्याला हे शोभणारे नव्हतेच. प्रत्येकी ५०० पौंड दंड आणि लांबलचक बंदी पदरी पडली. लिव्हरपूलने पेनल्टींवर ६-५ असा विजय मिळवला.

नाव बदलले ते हिशेबामुळे. तिकिटांच्या पैशातला नेमका किती भाग दानात जाणार हे जाहीर होत नव्हते आणि संस्थांना पैसेही उशिरा पोहोचत होते. आपल्याकडच्या धर्मादाय आयुक्तांसारखे काम पाहणाऱ्या तिथल्या चॅरिटी कमिशनने यावर बोट ठेवले. २००२ पासून ‘कम्युनिटी’ हा शब्द आला. आता उत्पन्नाचा वाटा एफए कपच्या पहिल्या मुख्य फेरीपासून पुढे खेळलेल्या १२४ क्लबांकडे जातो आणि ते तो आपल्या पसंतीच्या स्थानिक संस्थांना देतात. उरलेली रक्कम एफएच्या राष्ट्रीय पातळीवरील सहयोगी संस्थांना मिळते.

हा किताब धरायचा की सरावाचा सामना, यावर समर्थकांचे एकमत नाही. संघ अजून पुरते तयार नसतात, त्यामुळे इथल्या निकालावरून हंगामाचा अंदाज बांधणे फसवे ठरते. सर्वाधिक २१ शील्ड मँचेस्टर युनायटेडकडे आहेत, पैकी चार वाटून घेतलेली. वेम्बली मोकळे नसले की सामना हलतो: नव्या स्टेडियमचे काम चालू असताना २००१ ते २००६ कार्डिफला, ऑलिंपिकच्या वर्षी, २०१२ मध्ये, व्हिला पार्कवर आणि २०२२ मध्ये महिलांच्या युरो (युरोपीय अजिंक्यपद) अंतिम सामन्यामुळे लेस्टरला.