गप्पीचे सौंदर्य: निवड आणि जोपासना

महाराष्ट्रातल्या अनेक गावांत भिंतीवर रंगवलेले 'गप्पी मासे पाळा, हिवताप टाळा' हे वाक्य आपण वाचलेले असते, आणि त्यामुळे गप्पी म्हणजे डासांच्या अळ्या खाणारा, हौदात किंवा विहिरीत सोडायचा एक चिमुकला मासा एवढीच त्याची ओळख आपल्या मनात असते. शोभेच्या माशांच्या दुकानात रुंद लाल किंवा निळी शेपटी पसरून फिरणारा मासाही त्याच जातीचा आहे. दोघांचेही शास्त्रीय नाव पोसिलिया रेटिक्युलाटा. जर्मन प्राणिशास्त्रज्ञ विल्हेल्म पेटर्स यांनी १८५९ साली या जातीचे वर्णन केले. पुढे त्रिनिदाद बेटावरून लेचमिअर गप्पी यांनी लंडनला पाठवलेले नमुने ब्रिटिश म्युझियमच्या अल्बर्ट गुंथर यांनी तपासले आणि १८६६ मध्ये त्या माशाला पाठवणाऱ्याचे नाव दिले. शास्त्रीय नाव म्हणून ते टिकले नाही, बोलण्यात मात्र कायमचे रुजले.

घरी देखणे गप्पी ठेवायचे असतील तर दुकानात जाण्यापूर्वी हे रंग मुळात कशासाठी आहेत हे समजून घ्यावे, असे माझे ठाम मत आहे, कारण निवडीचे आणि जोपासनेचे बहुतेक नियम त्या एका उत्तरातून निघतात. रंग असतात ते नराच्या अंगावर. मादी नरापेक्षा मोठी आणि रंगाने बहुधा फिकी असते. नर तिच्यासमोर येऊन पर पूर्ण उघडतो, शरीराला इंग्रजी एस अक्षरासारखा बाक देतो आणि थरथरतो; मादी त्याला जवळ येऊ देते किंवा निघून जाते. अनेक पिढ्या मादीने केलेल्या या निवडीतून नर रंगीत होत गेला. परंतु जो रंग मादीला दिसतो तो शिकारी माशालाही दिसतो, आणि म्हणून नैसर्गिक ओढ्यातला नर हा या दोन नजरांमधली तडजोड असतो.

ही तडजोड किती नेमकी असते, हे उत्क्रांतीचे अभ्यासक जॉन एंडलर यांनी त्रिनिदादच्या उत्तरेकडील डोंगररांगेतल्या ओढ्यांमध्ये दाखवून दिले. तिथे धबधब्यांच्या खालच्या डोहांत क्रेनिसिक्ला नावाचे मोठे शिकारी मासे असतात आणि त्या डोहांतले गप्पी नर साधे, लहान व मोजक्या ठिपक्यांचे असतात. धबधब्याच्या वर, जिथे हे शिकारी मासे चढू शकत नाहीत, तिथले नर अधिक ठिपक्यांचे आणि अधिक भडक असतात. १९७६ मध्ये एंडलर यांनी खालच्या धोक्याच्या पाण्यातले गप्पी अरिपो नदीच्या अशा एका उपओढ्यात सोडले की जिथे ना गप्पी होते ना क्रेनिसिक्ला. सुमारे दोन वर्षांनी त्यांच्या वंशजांची पाहणी केली तेव्हा नरांच्या अंगावरचे ठिपके संख्येने आणि आकाराने वाढलेले होते. १९८० साली प्रसिद्ध झालेले हे काम उत्क्रांती डोळ्यांदेखत घडताना दाखवणाऱ्या अभ्यासांमध्ये आजही अग्रभागी मानले जाते.

आता हा निष्कर्ष घरच्या टाकीला लावून पाहावा. टाकीत क्रेनिसिक्ला नाही, त्यामुळे अशक्त, वाकड्या कण्याचा किंवा स्वतःच्या शेपटीच्या ओझ्याने नीट पोहू न शकणारा नरही तिथे जगतो आणि प्रजा निर्माण करतो. निसर्गात शिकारी जे काम करतो ते टाकीत पाळणाऱ्याने केले नाही, तर आणलेले सुंदर मासे काही पिढ्यांतच सामान्य होतात. 'पहिली जोडी काय देखणी होती, पिल्ले मात्र तशी झाली नाहीत' ही तक्रार वारंवार ऐकू येते. यात दुकानदाराने आपल्याला फसवले असा समज होतो, पण पुष्कळदा कारण हेच असते.

दुकानात पाहताना सगळ्यात शेवटी शेपटी पाहावी. आधी संपूर्ण टाकी पाहावी: पृष्ठभागाशी तोंड लावून धापा टाकणारे, पर मिटून एका कोपऱ्यात उभे राहणारे, दगडाला अंग घासणारे किंवा अंगावर मिठाच्या कणांसारखे पांढरे ठिपके असलेले मासे त्या पाण्यात असतील, तर त्याच पाण्यातला सर्वांत सुंदर मासाही घेऊ नये. गुदद्वारातून लालसर धाग्यासारखे काही बाहेर डोकावत असेल तर ते कॅमलॅनस जंत असण्याची शक्यता मोठी असते आणि ते घरच्या टाकीत शिरले की काढणे जिकिरीचे होते. मग एकेक मासा वरून पाहावा, कारण कण्याचा डावी-उजवीकडचा बाक बाजूने पाहताना लपतो, वरून लपत नाही. शेपटीच्या मुळाशी शरीर जाड आणि भरलेले असावे. तेच बारीक असेल तर मोठा पर पेलवत नाही आणि तरुण वयातच शेपटी खाली लोंबू लागते. दुकानदाराला चिमूटभर खाद्य टाकायला सांगावे. जो नर खाद्यावर झेपावतो आणि खाऊन झाल्यावर लगेच मादीपुढे पर उघडून नाचू लागतो, तो निवडावा. मादीही नेमके हेच पाहत असते, आणि तिची परीक्षा आपल्यापेक्षा फार जुनी आहे.

नारिंगी रंगाकडे विशेष लक्ष द्यावे. काळा रंग मेलॅनिनचा असतो आणि मासा तो स्वतः तयार करतो. निळी-हिरवी चमक पेशींमधल्या परावर्तक स्फटिकांमुळे दिसते. परंतु नारिंगी रंगातली कॅरोटिनॉइड नावाची रंगद्रव्ये माशाला स्वतः बनवता येत नाहीत, ती अन्नातूनच मिळवावी लागतात. त्रिनिदादच्या ओढ्यांत ती मुख्यतः शेवाळातून मिळतात. म्हणजे गडद नारिंगी नर हा चांगले खाणारा आणि बहुधा निरोगी नर असतो, आणि पारिया नदीतल्या माद्या अधिक नारिंगी नरांना पसंत करतात हे संशोधक अ‍ॅन हाउड यांनी १९८७ मध्ये दाखवले होते. यातून पाळणाऱ्यासाठी निघणारा अर्थ सरळ आहे. आनुवंशिकता नारिंगी ठिपक्याची जागा आणि विस्तार ठरवते, त्याचा गडदपणा बऱ्याच अंशी आहार ठरवतो. केवळ स्वस्त कोरड्या दाण्यांवर ठेवलेला लाल गप्पी काही महिन्यांत फिका पडतो. स्पिरुलिना हे शेवाळ असलेले खाद्य, आर्टिमिया या खाऱ्या पाण्यातल्या कोळंबीसारख्या जीवाची अंड्यांतून नुकतीच बाहेर पडलेली पिल्ले आणि स्वच्छ पाण्यात वाढलेल्या डासांच्या अळ्या यांची जोड द्यावी. गटारातून काढलेले ट्युबिफेक्स किडे मात्र रोग आणतात, ते टाळलेलेच बरे. खाद्य दिवसातून दोन-तीन वेळा, दोन मिनिटांत संपेल एवढेच द्यावे.

मादीच्या निवडीकडे सर्वाधिक दुर्लक्ष होते. तिच्या अंगावर रंग दिसत नसले तरी तिच्या गुणसूत्रांत ते असतात. गप्पीत माणसाप्रमाणेच नरात एक्स-वाय आणि मादीत एक्स-एक्स गुणसूत्रे असतात, आणि नराचे काही रंग वाय गुणसूत्रावरून थेट बापाकडून मुलाकडे जातात. डेन्मार्कच्या योहानेस श्मिट यांनी १९२० साली याच माशात हा वारसा दाखवला. परंतु शेपटीचा आकार, तिच्यावरची नक्षी आणि अंगाचा मूळ रंग यांतले बरेच काही एक्स आणि इतर गुणसूत्रांवर असते, ते मादीकडूनही येते. म्हणून कोब्रा, मॉस्को किंवा टक्सेडो यांपैकी जो प्रकार हवा असेल त्याच प्रकारातली मादी घ्यावी. शिवाय मादी एका मीलनातले शुक्राणू कित्येक महिने साठवून ठेवते आणि साधारण चार आठवड्यांच्या अंतराने त्यांतूनच पिल्ले देत राहते. दुकानातली मोठी मादी जवळजवळ नक्कीच आधीच फळलेली असते, तेव्हा तिच्या पहिल्या काही विणींचा बाप आपण घेतलेला नर असेलच असे नाही. शक्य असल्यास ज्याने नर-मादी पिल्ले लहानपणीच वेगळी केली आहेत अशा पाळणाऱ्याकडून कोवळ्या माद्या घ्याव्यात, आणि एका नरामागे दोन-तीन माद्या ठेवाव्यात, नाहीतर नराच्या सततच्या पाठलागाने मादी झिजते.

पाण्याबाबत एक गैरसमज महाग पडतो. पिण्यासाठी चांगले म्हणून आरओचे पाणी टाकीत भरले जाते, पण गप्पीला कॅल्शियम-मॅग्नेशियमचे क्षार असलेले कठीण आणि किंचित अल्कधर्मी पाणी मानवते. सामू (पीएच) ७ ते ८ आणि तापमान २३ ते २८ अंश सेल्सिअस उत्तम. दख्खनच्या पठारावरच्या बोअरवेलचे पाणी बहुधा चांगले चालते. मुंबईसारख्या शहरात तलावांचे मऊ पाणी येते, तिथे फिल्टरमध्ये शिंपल्यांचा किंवा प्रवाळाचा चुरा ठेवल्यास फरक पडतो. नळाच्या पाण्यातला क्लोरीन अँटिक्लोरीनच्या थेंबांनी घालवावा. नाशिक-पुण्याच्या हिवाळ्यात हीटर लागतो.

याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे नवी टाकी भरल्याच्या दिवशी मासे सोडू नयेत. माशांच्या उत्सर्गातला अमोनिया जिवाणू आधी नायट्राइटमध्ये आणि मग तुलनेने निरुपद्रवी नायट्रेटमध्ये बदलतात. हे जिवाणू फिल्टरच्या स्पंजवर आणि खडीवर स्थिरावायला सहसा चार ते सहा आठवडे लागतात. गप्पीला जे अल्कधर्मी पाणी आवडते त्याच पाण्यात अमोनिया अधिक विषारी रूपात असतो, त्यामुळे इथे घाई केल्यास नुकसान जास्त. स्पंज नळाखाली धुतला तर क्लोरीनने जिवाणू मरतात. तो टाकीतून काढलेल्या पाण्यातच पिळावा. चाळीस-पन्नास लिटरच्या टाकीत दहा-बारा प्रौढ मासे पुरेत, आणि दर आठवड्याला पाव हिस्सा पाणी बदलावे. नव्याने आणलेले मासे दोन-तीन आठवडे वेगळ्या भांड्यात ठेवून मगच मुख्य टाकीत सोडावेत. खाली गडद वाळू असली की माशांचे रंगही गडद दिसतात. पांढऱ्या खडीवर तेच मासे फिकट होतात.

पिल्ले झाल्यावर खरी निवड सुरू होते. प्रौढ मासे नवजात पिल्ले खातात, म्हणून दाट पाणवनस्पती हव्यात. तीन-चार आठवड्यांपासून मादी पिल्लांच्या पोटामागे गडद डाग दिसू लागतो आणि नरांचा गुदाजवळचा पर नळीसारखा निमुळता होऊ लागतो. त्याच वेळी त्यांना वेगळे करावे. नर साधारण तीन-चार महिन्यांचे झाले की रंग आणि शेपटी पुरेशी दिसते, आणि तेव्हा त्यांतले दोन-तीनच पुढच्या पिढीसाठी ठेवावेत. केवळ सर्वांत मोठ्या शेपटीचा नर निवडू नये. लांब परांमुळे पोहण्याचा वेग घटतो आणि पर फाटून कुजण्याचा धोका वाढतो. चपळपणा आणि सरळ कणा हे निकष शेपटीच्या आधी लावावेत. एकाच जोडीच्या वंशात पिढ्यानपिढ्या जुळवणी केल्यास पिल्लांची संख्या आणि जोम दोन्ही घटतात, म्हणून एकाच प्रकाराच्या दोन स्वतंत्र शाखा वेगळ्या टाक्यांत ठेवून काही पिढ्यांनी त्यांच्यात देवाणघेवाण करावी.

उरलेल्या पिल्लांचा प्रश्न प्रत्येक पाळणाऱ्यापुढे येतोच, कारण एका विणीत वीस-तीस, कधी त्याहून बरीच जास्त पिल्ले होतात. ती इतर हौशी लोकांना द्यावीत, दुकानदाराला द्यावीत किंवा नर-मादी कायमचे वेगळे ठेवून वीणच थांबवावी. ओढ्यात किंवा नदीत ती कधीही सोडू नयेत. गप्पी आपल्याकडचा मासा नाही, घाण पाण्यातही तो तगतो, वेगाने वाढतो आणि स्थानिक माशांची अंडी व पिल्ले खातो. पश्चिम घाटातल्या नद्यांत जगात इतरत्र कुठेही न सापडणाऱ्या माशांच्या जाती आहेत. डास नियंत्रणासाठी गप्पी सोडायचेच असतील तर ते बंदिस्त हौदातच सोडावेत आणि त्यासाठी हिवताप विभागाकडचे साधे गप्पी घ्यावेत. टाकीतल्या लांब शेपटीच्या माशांपेक्षा अळ्यांमागे धावण्यात तेच अधिक वाकबगार असतात.