दोन ग्रॅम पूड आणि सव्वाआठशे वर्षांची शिकवणी

जपानमधल्या क्योतोहून लोकल धरली की अर्ध्या तासाच्या आत उजी येतं. नदी, नदीवरचा जुना पूल, पलीकडे ब्योदोइन मंदिर आणि मंदिराकडे जाणाऱ्या रस्त्यावर चहाची दुकानं. त्यांतल्या बऱ्याच दुकानांत हल्ली माचाची, म्हणजे फेटून प्यायच्या हिरव्या चहापुडीची, तासाभराची शिकवणी असते. समोर एक वाडगा (चावान), बांबूची चहा फेटणी (चासेन), बांबूचाच वाकडा चमचा (चाशाकु) आणि डबीत हिरवी वस्त्रगाळ पूड. शिकवणारी बाई आधी करून दाखवते, मग आपण करायचं. तास संपताना प्रत्येकाच्या हातात स्वतः फेटलेला फेसाळ चहा असतो.

खरा चहाविधी शिकायला वर्षानुवर्षं लागतात, हा नुसता पर्यटकांसाठी मांडलेला देखावा, असं म्हणणारे पुष्कळ भेटतात. मला ते पटत नाही. माचाचा इतिहास नीट पाहिला तर तो बाहेरच्या माणसाने शिकण्याचा आणि बाहेरच्या माणसाला शिकवण्याचाच इतिहास आहे. आज उजीत पैसे भरून बसलेला प्रवासी त्या रांगेतला अगदी अलीकडचा शिकाऊ आहे.

रांगेत पहिले होते खुद्द जपानीच. चहाची पूड वाडग्यात घालायची, वर गरम पाणी ओतायचं आणि फेस येईपर्यंत फेटायचं, ही रीत चीनमधल्या सोंग राजवटीची. तिथे चहाच्या पानांच्या वड्या थापत, त्या कुटून दळत आणि कुणाचा फेस जास्त पांढरा, कुणाचा जास्त वेळ टिकतो याच्या चुरशी लावत. पांढरा फेस उठून दिसावा म्हणून फूज्येन प्रांतातल्या भट्ट्यांतले काळे वाडगे वापरत. सम्राट हुइझोंगने तर ११०७ च्या सुमारास या विषयावर स्वतः ग्रंथ लिहिला. पुढे १३९१ मध्ये मिंग घराण्याच्या पहिल्या सम्राटाने वड्यांच्या रूपात चहाचा नजराणा घेणं बंद केलं, सुटी पानं पाण्यात टाकून प्यायची पद्धत रूढ झाली आणि पुडीचा चहा त्याच्या मायदेशातून जवळजवळ नाहीसा झाला. तोवर तो समुद्र ओलांडून गेला होता, म्हणून वाचला. (आपला ‘चहा’ आणि माचातला ‘चा’ हे एकाच चिनी शब्दाचे वंशज. ‘मा’ या पहिल्या भागाचा अर्थ चोळून, दळून बारीक केलेला.)

समुद्र ओलांडणाऱ्यांत नाव घेतलं जातं ते एइसाइ या भिक्षूचं. तो चीनमध्ये झेन हा ध्यानावर भर देणारा बौद्ध पंथ शिकायला गेला होता. ११९१ मध्ये परतला तेव्हा झेनबरोबर चहाच्या बिया आणि मठातली चहा पिण्याची शिस्तही घेऊन आला. १२११ मध्ये त्याने चहाच्या आरोग्यगुणांवर पुस्तक लिहिलं. १२१४ मध्ये तरुण शोगुन (लष्करी सत्ताधीश) सानेतोमो आदल्या रात्रीच्या दारूने बेजार झाला होता, तेव्हा एइसाइने त्याला चहा पाजला आणि सोबत चहाची महती सांगणारं लिखाणही दिलं, अशी नोंद त्या काळच्या बखरीत आहे. एइसाइने १२०२ मध्ये क्योतोत स्थापलेल्या केन्निनजी मठात आजही दर वर्षी २० एप्रिलला जुन्या वळणाचा चहा होतो. पाहुणा दोन्ही हातांनी बैठकीसकट वाडगा धरून असतो, पूड आधीच घातलेली असते, भिक्षू वरून पाणी ओततो आणि समोर उभ्यानेच फेटतो. चीनमधल्या मठांची रीत डोळ्यांनी पाहायची तर याहून जवळची जागा शोधावी लागेल.

एइसाइने दिलेल्या बिया म्योए नावाच्या भिक्षूने क्योतोजवळच्या तोगानोत रुजवल्या. पुढे कितीतरी काळ तोगानोचा तोच ‘खरा चहा’ आणि बाकीचे सगळे ‘बिगर चहा’ अशी विभागणी होती. चौदाव्या शतकात सरदारांच्या मेजवान्यांत कुठला घोट कुठल्या चहाचा हे ओळखण्यावर पैजा लागत. उजी तेव्हा दुय्यम होतं. आशिकागा घराण्याच्या शोगुनांनी तिथल्या मळ्यांना आश्रय दिला आणि हळूहळू उजी पुढे गेलं.

पण उजी नुसत्या राजाश्रयावर मोठं झालं नाही. तिथल्या शेतकऱ्यांनी चहाच्या मळ्यावर मांडव घातला. वसंतात कोवळी पालवी फुटली की मळ्यावर बांबूचा सांगाडा उभारायचा, त्यावर बोरूचे पडदे पसरायचे आणि मग वरून भाताचा पेंढा टाकून अंधार वाढवत न्यायचा. मूळ हेतू बहुधा पालवी गोठणाऱ्या दवापासून वाचवण्याचा असावा. लक्षात आलं ते असं की सावलीतल्या पानाचा चहा कमी तुरट, गोडसर आणि गडद हिरवा होतो. कारण आज ठाऊक आहे. चहाच्या मुळांत थिआनिन नावाचं द्रव्य तयार होतं आणि पानांत चढतं. ऊन मिळालं की त्याचं तुरट कॅटेचिनमध्ये रूपांतर होतं. ऊन अडवलं की ते तसंच राहतं, आणि जेमतेम उजेडात तग धरायला पान हरितद्रव्य वाढवतं. शिकवणीत पहिला घोट घेतल्यावर जी चव ‘समुद्री शेवाळासारखी’ किंवा ‘पालेभाजीच्या अर्कासारखी’ वाटते, ती या तीन आठवड्यांच्या अंधाराची चव आहे. वाडग्यात आपण कितीही छान फेटलं तरी ती तिथे निर्माण होत नाही.

उजीच्या या मांडवांचं जुनं वर्णन मिळतं ते जुआंव रोद्रिगेस या पोर्तुगीज पाद्रीकडून. तो १५७७ मध्ये पोरवयात जपानला आला, उत्तम जपानी शिकला, जपानचा तेव्हाचा सत्ताधीश हिदेयोशी याचा दुभाष्या झाला आणि १६१० मध्ये हाकलला जाईपर्यंत तिथेच राहिला. या मंडळींची वाट गोव्यावरून जात होती, हे आपल्याकडे फारसं बोललं जात नाही. सेंट फ्रान्सिस झेवियर १५४९ च्या एप्रिलमध्ये गोव्याहूनच निघाले आणि ऑगस्टमध्ये कागोशिमाला उतरले. त्यानंतर या पूर्वेकडच्या ख्रिस्ती मिशनांची पाहणी करणारा अलेस्सांद्रो वालिन्यानो जपानमध्ये पोचला. तिथल्या धर्मगुरूंसाठी त्याने जे नियम लिहिले त्यांत एक असा होता की प्रत्येक घरात आल्यागेल्यासाठी चहाची खोली असावी आणि चहा करणारा जाणता माणूस असावा. चहा कसा द्यावा-घ्यावा हे परदेशी माणसाला शिकवायचा विचार म्हणजे चारशे वर्षांहून जुना.

चहाविधीला आजचं वळण देणाऱ्या सेन नो रिक्यूबद्दल एवढं लिहिलं गेलंय की इथे थोडक्यात पुरे. साकाई बंदरातल्या व्यापारी घरातला हा माणूस (१५२२–१५९१). त्याने खोली दोन तातामींइतकी (जमिनीवर अंथरायच्या दोन चटयांएवढी) लहान केली, महागड्या चिनी भांड्यांऐवजी हाताने घडवलेले साधे काळे-तांबडे वाडगे आणले, आणि अखेर हिदेयोशीच्या हुकमावरून स्वतःचं पोट चिरून मेला. त्याच्या पणतवंडांपासून ओमोतेसेन्के, उरासेन्के आणि मुशाकोजीसेन्के ही चहा शिकवणारी तीन घराणी झाली. आजच्या शिकवणीत बाई सांगते ती बारकी वळणं या घराण्यांची असतात. उरासेन्केत पृष्ठभाग फेसाने पूर्ण भरायचा, तर ओमोतेसेन्केत चंद्रकोरीएवढी जागा बिनफेसाची सोडायची. कुणी एक बरोबर आणि दुसरं चूक म्हणालं तर विश्वास ठेवू नये.

हातात येते ती फेटणी बहुतेक वेळा नारा प्रांतातल्या ताकायामाची. जपानात होणाऱ्या चासेनांपैकी सुमारे ९० टक्के या एका गावात होतात. बांबूचा एकच तुकडा, त्याचं एक टोक चिरत चिरत केसासारख्या ऐंशी-शंभर काड्या काढायच्या आणि दोऱ्याने आतल्या-बाहेरच्या ओळी वेगळ्या करायच्या. पिढ्यान्‌पिढ्या ही विद्या घरातल्या एकाच मुलाला मिळत असे. आपली रवी दोन तळव्यांत किंवा दोरीने फिरते. चासेन गोल फिरवायची नाही, मनगट सैल ठेवून झपाझप मागेपुढे न्यायची, तळाला न टेकवता. ताक घुसळायची सवय असलेला हात पहिल्यांदा इथेच चुकतो.

आणि जातं. वाफवून, न वळता वाळवलेल्या पानांतून देठ-शिरा काढल्या की उरतो तो तेन्चा. तो ग्रॅनाइटच्या जात्यावर दळला की माचा. एक जातं तासाला जेमतेम ४० ग्रॅम पूड देतं. जोरात फिरवलं तर दगड तापतो आणि वास जातो. उजीत २०२१ मध्ये उघडलेल्या ‘चाझुना’ या चहाच्या संग्रहालयात पाहुण्यांना जातं स्वतः ओढायला मिळतं. ज्यांच्या घरी आजी दळायला बसायची त्यांना ती घरघर अनोळखी वाटणार नाही. मात्र पिठाच्या मानाने इथे पदरात पडतं ते चिमूटभर.

अशी पूड कुणाला परवडत होती? एदो काळात (सतरावं ते एकोणिसावं शतक) उजीचा नवा चहा शोगुनकडे बरण्यांत भरून, मिरवणुकीने जाई. वाटेतल्या सरदारांनीसुद्धा त्या बरण्यांना रस्ता द्यायचा. ही मिरवणूक १८६७ पर्यंत चालली. मळ्यावर मांडव घालायची परवानगीही मोजक्या उजीकरांनाच होती. सामान्य जपानी माणसाच्या घरात माचा नव्हताच. १७३८ मध्ये उजीजवळच्याच नागातानी सोएनने पानं वाफवून वळण्याची पद्धत बसवली आणि सेन्चा हा पानांचा चहा रोजचा झाला. म्हणूनच शेजारी बसलेली तोक्योची मुलगीही आपल्याइतकीच अवघडलेली असते. माचा तिच्याही घरातला नाही, शिकायचा विषय आहे.

पण शिकवणीला आज जे रूप आहे ते एका संकटातून आलं. १८६८ मध्ये शोगुनशाही संपली, सरदारांचे तनखे गेले आणि चहाच्या घराण्यांचे पोशिंदेच नाहीसे झाले. पाठोपाठ राजधानी तोक्योला हलली आणि क्योतो ओस पडू लागलं. नव्या सरकारला चहा ही करमणुकीच्या कलांतली एक वाटत होती. उरासेन्केचे ११ वे प्रमुख गेन्गेन्साइ यांनी लेखी हरकत घेतली की ही करमणूक नाही. त्याच १८७२ साली शहर सावरण्यासाठी क्योतोत प्रदर्शन भरलं. एरवी परदेशी माणसाला क्योतोत सहज प्रवेश नव्हता, या प्रदर्शनासाठी तो खुला केला. पाश्चात्त्य पाहुण्यांना गुडघे मोडून बसता येणार नाही हे ओळखून गेन्गेन्साइंनी मेज आणि स्टुलांवर चालणारी ‘र्‍यूरेइ’ ही नवी पद्धत रचली. उजीत, क्योतोत आज प्रवासी टेबलाशी बसून चहा फेटतात त्याचं मूळ इथे आहे. करमणूक नाही असं सरकारला बजावणाऱ्या माणसानेच परक्यांसाठी खुर्ची मांडली, म्हणून टेबलावरच्या शिकवणीला कमअस्सल म्हणवत नाही.

दुसरं दार बायकांसाठी उघडलं. तोवर हे प्रामुख्याने पुरुषांचं क्षेत्र होतं. मुलींच्या नव्या शाळांत चहा शिकवला जाऊ लागला आणि काही दशकांत शिकणाऱ्या व शिकवणाऱ्या बहुतांश बायका झाल्या. निइजिमा याए ही त्यांतली विलक्षण बाई. १८६८ मध्ये आइझुच्या किल्ल्यातून बंदूक घेऊन लढलेली, उतारवयात उरासेन्केकडे शिकून क्योतोत चहा शिकवणारी. आजच्या शिकवणीत समोर बहुधा बाईच असते, त्यामागे ही पिढी आहे.

दुसऱ्या महायुद्धानंतर उरासेन्केच्या १५ व्या प्रमुखांनी (१९२३–२०२५) चहा जगभर नेला. युद्धात ते नौदलाच्या आत्मघाती पथकात वैमानिक होते; परत आले आणि ज्यांच्याशी लढायचं होतं त्या अमेरिकेत जाऊन चहा शिकवू लागले.

२०२४ मध्ये ३ कोटी ६८ लाखांहून अधिक परदेशी प्रवासी जपानला आले, आणि त्याच वर्षीच्या शरदात क्योतोतल्या जुन्या चहा दुकानांना माचाच्या डब्यांवर माणशी मर्यादा घालावी लागली. डब्यांवर ‘सेरेमोनियल ग्रेड’ असं छापलेलं असतं, पण अशी कुठलीही अधिकृत प्रतवारी जपानमध्ये नाही. मागणी वाढली म्हणून चहा लगेच वाढत नाही. नवं रोप पुरेशी पानं द्यायला साधारण ५ वर्षं घेतं, आणि मांडवाखालच्या मळ्यातली सर्वांत चांगली खुडणी वर्षातून एकदाच, मे महिन्याच्या आसपास होते.

त्यामुळे उजीच्या टेबलावर बाई चाळणीतून पूड गाळते आणि चाशाकुने मोजून दोन चमचे, म्हणजे साधारण २ ग्रॅम, वाडग्यात टाकते, तेव्हा तिकडे नीट पाहावं. आधी गोड खायचं, मग सुमारे ८० अंशांचं पाणी, ७० मिलिलिटरच्या आसपास. फेटून झालं की वाडगा दोनदा फिरवून त्याची दर्शनी बाजू स्वतःच्या ओठांपासून दूर करायची. शेवटचा घोट आवाज करून ओढला तर चालतो. चहा संपला हे यजमानाला त्यावरूनच कळतं.