चेक वटला नाही तर: कलम १३८ ची नोटीस, मुदती आणि कागदपत्रे

तासगावच्या सौद्यात बेदाणा विकल्यावर रोख रकमेऐवजी पुढच्या तारखेचा चेक हातात पडणे नवीन नाही, आणि तो ‘खात्यात पुरेशी रक्कम नाही’ असा शेरा घेऊन परत येणेही नवीन नाही. अशा वेळी परक्राम्य संलेख अधिनियम, १८८१ (निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्ट) च्या कलम १३८ खाली फौजदारी फिर्याद करता येते; मात्र नुसता चेक परत आल्याने गुन्हा पूर्ण होत नाही. पैशांची लेखी मागणी, म्हणजेच नोटीस, पोचल्यावरही १५ दिवसांत रक्कम न देणे हा त्या गुन्ह्याचाच भाग असल्याने नोटीस चुकली की भक्कम प्रकरणही उभे राहत नाही.

चेक कायद्याने वसूल होऊ शकणाऱ्या देण्यापोटी दिलेला असावा. भेट किंवा देणगी म्हणून दिलेल्या चेकला हे कलम लागू होत नाही. तो त्यावरील तारखेपासून तीन महिन्यांच्या आत बँकेत सादर झालेला असावा.

समजा, बँकेचा रिटर्न मेमो (चेक का परत आला हे सांगणारी चिठ्ठी) ३ मार्चला मिळाला, तर त्यापुढील ३० दिवसांत, म्हणजे २ एप्रिलपर्यंत, नोटीस पाठवली पाहिजे. (२००३ पूर्वी ही मुदत १५ दिवसांचीच होती.) नोटीस समोरच्याला २४ मार्चला मिळाली, तर ८ एप्रिलपर्यंत त्याला पैसे देण्याची संधी आहे. ती संपण्याआधी दाखल केलेली फिर्याद टिकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये स्पष्ट केले आहे. पुढे फिर्यादीसाठी एक महिना मिळतो. फिर्यादीला झालेला उशीर सबळ कारण दाखवल्यास न्यायालय माफ करू शकते, नोटिशीचा उशीर मात्र माफ होत नाही. नोटिशीची मुदत हुकली आणि चेकची तीन महिन्यांची मुदत अजून शिल्लक असली, तर चेक पुन्हा बँकेत टाकून नव्या मेमोवर नवी नोटीस देता येते. हा मार्ग अनेकांना ठाऊक नसतो आणि ते हात टेकतात.

नोटिशीला ठरावीक नमुना नाही आणि ती वकिलामार्फतच दिली पाहिजे असेही नाही, तरी सर्वाधिक चुका होतात त्या रकमेत. चेक ४,८०,००० रुपयांचा असेल तर मागणीही नेमकी तेवढ्याच रकमेची हवी. व्याज आणि नोटीस खर्च मागायचा असल्यास तो वेगळा दाखवावा. सगळे मिळून एकच आकडा लिहू नये. एक कोटीच्या चेकवर दोन कोटी मागणारी नोटीस सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२५ मध्ये अवैध ठरवली आणि टंकलेखनातील चूक ही सबब मानली नाही. चेक दिल्यानंतर व्यापाऱ्याने मध्येच ८०,००० रुपये खात्यावर पाठवले असतील, तर चेक बँकेत टाकण्यापूर्वीच त्या रकमेची नोंद चेकवर करावी लागते. तशी नोंद न करता पूर्ण रकमेचा चेक टाकला आणि तो परत आला, तरी कलम १३८ लागू होत नाही. ‘उरलेले नंतर बघू’ म्हणत घेतलेले हप्ते इथे नडतात.

चेक कंपनीच्या खात्यावरचा असेल तर नोटीस कंपनीच्याच नावे द्यावी. नुसत्या सही करणाऱ्याला दिलेली पुरत नाही. योग्य पत्त्यावर पोचपावतीसह टपालाने पाठवलेली नोटीस ‘घेण्यास नकार’ किंवा ‘घर बंद’ अशा शेऱ्याने परत आली, तरी ती बजावली गेली असे गृहीत धरता येते; म्हणून परत आलेले पाकीट न फोडता तसेच जपून ठेवावे. नुसत्या व्हॉट्सॲपवर विसंबू नये.

फिर्यादीसोबत मूळ चेक, रिटर्न मेमो, नोटिशीची स्थळप्रत, टपालाची पावती, पोचपावती किंवा परत आलेले पाकीट, शपथपत्र, आणि व्यवहाराचा पुरावा म्हणून सौद्याची पट्टी (विक्रीचा हिशेब), वजनाची पावती, खातेउतारा असे कागद लागतात. चेक आपल्या खात्यात भरला असेल, तर २०१५ च्या दुरुस्तीनुसार आपले खाते असलेल्या शाखेच्या हद्दीतील न्यायालयात फिर्याद करावी लागते. खाते तासगावच्या शाखेत असेल, तर व्यापारी नाशिकचा असो वा दिल्लीचा, त्याला तारखेला तासगावच्या न्यायालयातच यावे लागते. आरोपीने गुन्हा नाकारल्यास न्यायालय चेकच्या रकमेच्या २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाई देण्याचा आदेश करू शकते. त्यासाठीचा अर्ज वेळीच द्यावा.